रिकाम्या बागेतली सगळी संत्री गोड

नववीच्या गणिताचे पहिलेच प्रकरण संचांचे. त्यात मुलांना सांगितले जाते की रिक्त संच हा प्रत्येक संचाचा उपसंच असतो. वरूडची शाळा असो की वाईची, या वाक्यापाशी वर्ग थबकतो. ज्यात काहीच नाही, ते सगळ्यांत सामावले कसे? शिक्षक बहुधा ‘हे लक्षात ठेवा, परीक्षेत येतं’ म्हणून पुढे सरकतात. त्यांना दोष देण्यात अर्थ नाही. त्या वाक्यामागे गणिती तर्कशास्त्रातली एक संज्ञा उभी आहे आणि ती नीट उलगडायची तर अभ्यासक्रम मागे पडतो. मराठीत तिला ‘रिक्त सत्य’ म्हणू. विधान खरे असते, पण एवढ्याचसाठी खरे असते की ते ज्यांच्याविषयी बोलते त्यांच्यापैकी एकही अस्तित्वात नसतो.

उदाहरण आपल्याच भागातले घेऊ. वरूड तालुक्यातल्या शेंदूरजनाघाटच्या शिवारात एक बाग आहे असे समजा. यंदा आंबिया बहार पुरता गळाला, झाडावर औषधालासुद्धा फळ नाही. आता कोणी म्हणाले, ‘या बागेतले प्रत्येक संत्रे गोड आहे.’ हे खरे की खोटे? बागेचा धनी म्हणेल, ‘कायची गोड? बागीत फळच नाही तं गोड-आंबट कुठचं काढता?’ तर्कशास्त्राचा अभ्यासक म्हणेल, विधान खरे आहे. मला दोघांचेही म्हणणे पटते, आणि त्यात विसंगती दिसत नाही. तक्रार आहे ती तिसऱ्याविषयी. योजनांचे अहवाल, विम्याची पत्रके आणि निवडणुकीची भाषणे लिहिणाऱ्या या तिसऱ्याने तर्कशास्त्राची सवलत तेवढी उचलली आणि तिच्याबरोबर येणारी जबाबदारी टाकून दिली.

आधी अभ्यासकाची बाजू. विधान खोटे आहे म्हणणाऱ्याला तो एवढेच सांगेल, की त्या बागेतले एक आंबट संत्रे आणून दाखवा. ‘सगळी गोड आहेत’ हे विधान मोडायला एक आंबट फळ पुरते, आणि दुसऱ्या कशाने ते मोडत नाही. झाडे जुनी आहेत, डिंक्या लागला आहे, कोळशीने पाने काळी पडली आहेत, यांतले काहीही त्या विधानाविरुद्धचा पुरावा होत नाही. पुरावा म्हणजे आंबट फळ, आणि ते तुम्ही आणू शकत नाही. रिक्त संचाचेही असेच. तो अमुक संचाचा उपसंच नाही असे म्हणायचे, तर त्यातला एक घटक त्या संचाबाहेरचा दाखवावा लागेल. घटकच नाही, तर दाखवणार काय?

यावर शहाणा माणूस म्हणेल, हा वकिली कावा झाला. विधान खरेही नाही आणि खोटेही नाही असे का म्हणू नये? हा प्रश्न गंभीर आहे आणि त्याचे खरे उत्तर ‘जर-तर’मध्ये सापडते. 4 ने भाग जाणारी प्रत्येक संख्या सम असते, यावर कोणाचा वाद नाही. गणितात याचा अर्थ असा: कोणतीही संख्या घ्या, तिला जर 4 ने भाग जात असेल, तर ती सम असते. ‘कोणतीही’ म्हणजे खरोखरच कोणतीही. 8 घेतली तर भाग जातो, आणि ती सम आहे. 6 घेतली तर भाग जात नाही, तरी ती सम आहे. 7 घेतली तर भागही जात नाही आणि ती समही नाही. आता 6 आणि 7 पाशी ‘जर’चा भाग फसला म्हणून तिथले जर-तर वाक्य खोटे धरले, तर ‘कोणतीही संख्या घ्या’ हे अभिवचन तिथेच मोडले. ज्या विधानाविषयी कोणालाच शंका नाही, ते खोटे ठरवण्याची पाळी आली. ते टाळायचे तर 6 आणि 7 साठीही जर-तर वाक्य खरेच मानावे लागते. म्हणून तर्कशास्त्राच्या कोष्टकात चार ओळींपैकी एकच ओळ खोटी असते: ‘जर’ खरे ठरले आणि ‘तर’ खोटे निघाले. उरलेल्या तिन्ही खऱ्या. यात कोणाची लहर नाही. ‘प्रत्येक’ हा शब्द सरळपणे वापरता यावा, यासाठी मोजलेली ही किंमत आहे.

किंमत द्यावी की नाही हा वाद मात्र फार जुना. ख्रिस्तपूर्व चौथ्या-तिसऱ्या शतकाच्या सुमारास ग्रीसमध्ये फायलो आणि त्याचा गुरू डायोडोरस यांच्यात याच प्रश्नावर जुंपली होती. फायलोचे मत आजच्या कोष्टकासारखे होते. डायोडोरसला ते पटत नव्हते. ‘जर-तर’चा हा वाद इतका गाजला की कॅलिमॅकस या कवीने टोमणा मारला, आता छपरावरचे कावळेसुद्धा याच प्रश्नावर कावकाव करतात. ॲरिस्टॉटलच्या परंपरेत ‘सर्व अ हे ब आहेत’ यावरून ‘काही अ ब आहेत’ असे खुशाल काढता येई, कारण मुळात अ आहेत हे गृहीतच असे. एकोणिसाव्या शतकात जॉर्ज बूलच्या बीजगणिताने आणि 1879 मध्ये गॉटलोब फ्रेगेच्या चिन्हलिपीने हे गृहीतक काढून टाकले. ‘सर्व’ म्हणजे ‘असलेच तर सगळे’, आणि ‘आहे’ हे वेगळे सांगायचे, वेगळ्या चिन्हाने. एका वाक्यात दडलेल्या दोन गोष्टी सुट्या झाल्या. माझ्या मते आधुनिक तर्कशास्त्राने आपल्याला दिलेल्या सर्वांत उपयोगी गोष्टींपैकी ही एक आहे, आणि तिची ख्याती मात्र नेमकी उलटी, ‘विचित्र नियम’ म्हणून झाली.

आक्षेप थांबले नाहीत. 1918 मध्ये सी. आय. लुईस या अमेरिकन तर्कवेत्त्याने अधिक कडक ‘जर-तर’ मांडून पाहिले. पुढे पीटर स्ट्रॉसनने 1952 च्या आपल्या पुस्तकात आक्षेप घेतला तो भाषेच्या अंगाने. समजा, माणसाला मूलबाळ नाही आणि तो म्हणतो, ‘माझी सगळी मुले झोपली आहेत.’ आपण याला खरे म्हणणार नाही आणि खोटेही म्हणणार नाही. हा काहीतरीच बोलतो आहे, असे म्हणू. मुले आहेत ही गोष्ट त्या वाक्याने सांगितलेली नसते. ती त्याने गृहीत धरलेली असते. पॉल ग्राइसने पुढे यात भर घातली ती अशी, की ऐकणारा नेहमी असे समजून चालतो की बोलणाऱ्याने उपयोगाचे तेच सांगितले असणार. म्हणजे स्ट्रॉसन आणि ग्राइस दोघेही आपल्या बागेच्या धन्याच्या बाजूचे. तो चिडला ते वाक्य खोटे आहे म्हणून नव्हे, त्या वाक्याने त्याला फळ असल्याची आशा लावली म्हणून.

आपल्या परंपरेत याच प्रश्नाकडे कसे पाहिले गेले, हे पाहण्यासारखे आहे. न्यायशास्त्रात हेत्वाभास म्हणजे फसवी कारणे मोजली जातात. त्यांत एक आहे आश्रयासिद्ध. अन्नंभट्टाच्या तर्कसंग्रहापासून प्रत्येक पाठशाळेत त्याचे उदाहरण ठरलेले: आकाशातले कमळ सुगंधी आहे, कारण ते कमळ आहे, तळ्यातल्या कमळासारखे. नैयायिक इथे अनुमान अडवतो. कारण चांगले आहे, दाखला चांगला आहे, पण ज्याच्याविषयी बोलायचे ते आकाशातले कमळच नाही. ज्या आश्रयावर हेतू राहायचा तो आश्रय असिद्ध. फ्रेगेच्या लिपीत मात्र ‘आकाशातली सगळी कमळे सुगंधी आहेत’ हे वाक्य बिनतक्रार खरे. एकाच वाक्याला इकडे दोष, तिकडे मान्यता.

यावरून आपले पूर्वज पुढे होते किंवा पाश्चात्त्य चुकले, असला निष्कर्ष काढणाऱ्यांपैकी मी नाही. दोघांची कामे वेगळी होती. नैयायिकाला अनुमानातून नवे ज्ञान हवे होते. डोंगरावर खरोखर आग आहे की नाही हे त्याला कळायला हवे होते. म्हणून त्याच्या पाच अवयवांच्या युक्तिवादात उदाहरण हा एक अवयवच आहे. धूर आणि आग एकत्र असल्याचा स्वयंपाकघराचा दाखला दिल्याशिवाय त्याचे गाडे पुढे जात नाही. गणितज्ञाला एका वाक्यातून दुसरे वाक्य बिनचूक निघते की नाही एवढेच पाहायचे होते. जगात काय आहे नि काय नाही, हा हिशेब तो वेगळ्या पानावर ठेवतो. तो हिशेब तो ठेवतो खरा, हे मात्र विसरू नये. ‘अशी प्रत्येक संख्या अमुक गुणाची असते’ एवढे सिद्ध करून गणितज्ञ सहसा थांबत नाही; अशी निदान एक संख्या आहे का, ही अस्तित्वाची सिद्धता तो वेगळी देतो किंवा मागतो. ती नसेल, तर त्याचे सहकारीच त्याला हसतात.

वरूडला लागून असलेल्या मोर्शी तालुक्यात रिद्धपूर आहे. गोविंदप्रभूंचे आणि महानुभावांचे हे गाव. मराठी भाषेचे विद्यापीठही आता तिथेच झाले आहे. या पंथाच्या केसोबासांनी तेराव्या शतकाच्या अखेरीस चक्रधरांच्या वचनांतून दृष्टांतपाठ सिद्ध केला. त्याची रचना मला या विषयासाठी फार अर्थपूर्ण वाटते. आधी सूत्र, मग दृष्टांत, मग दार्ष्टांतिक, म्हणजे दृष्टांत मूळ मुद्द्याला कसा लागू पडतो ते. सूत्र म्हणजे सर्वसाधारण विधान. पण ते एकटे सोडायचे नाही. श्रोत्याच्या हातात ओळखीचे काहीतरी द्यायचे. दृष्टांत तर्कशास्त्रातली सिद्धता होत नाही, हे मान्य. तरी नुसते सूत्र ऐकवून श्रोत्याला वाटेला लावायचे नाही, ही शिस्त आपल्या गद्याच्या जन्माबरोबरच आलेली आहे. अकोल्यात शाळा शिकलेल्या आगरकरांनी 1888 मध्ये ‘वाक्यमीमांसा’ लिहून मराठी वाक्य सुटे करून दाखवले, आणि अमरावतीत तत्त्वज्ञान शिकवलेल्या दि. य. देशपांडे यांनी 1990 मध्ये ‘आजचा सुधारक’ सुरू करून तीच वाट पुढे नेली. वाक्य काय म्हणते हे तपासून घेण्याची वऱ्हाडाला सवय नाही, असे कोणी म्हणू नये.

मग ती सवय संत्र्याच्या बाबतीत कुठे जाते?

2016 पासून फळबागांसाठी पुनर्रचित हवामान आधारित विमा योजना आहे. फळपिकांसाठी शेतकऱ्याचा हिस्सा मुळात विमा रकमेच्या 5 टक्के धरलेला. तिची भाषा वाचली की ती तर्कशास्त्राच्या तासातून उठून आल्यासारखी वाटते. अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत, महसूल मंडळातल्या संदर्भ हवामान केंद्रावर, सलग इतके दिवस कमाल तापमान इतक्या अंशांच्या वर राहिले, तर इतकी भरपाई. अवेळी पावसासाठी असेच, कमी तापमानासाठीही असेच. महावेध प्रकल्पातून राज्यभर मंडळामंडळांत दोन हजारांहून अधिक स्वयंचलित केंद्रे उभी राहिली, ती बऱ्याच अंशी या ‘जर’ची पडताळणी करता यावी म्हणून.

भरपाईचे ते वाक्य पुन्हा वाचा आणि त्यात फळ कुठे आहे ते शोधा. सापडणार नाही. ‘जर’मध्ये आहे केंद्रावरचा तापमापक आणि ‘तर’मध्ये आहे रक्कम. झाड, देठ, गळ यांचा उल्लेखच नाही. बागाईतदाराच्या मनात मात्र वेगळे वाक्य असते: उन्हाने फळ गळाले, तर पैसे मिळतील. गणिती ‘जर-तर’मध्ये दोन भागांचा एकमेकांशी संबंध असावाच लागतो असे नाही, हा त्या कोष्टकाविरुद्धचा दुसरा जुना आक्षेप आहे, ॲलन अँडरसन आणि न्युएल बेलनॅप यांनी 1975 मध्ये त्यावर एक जाडजूड ग्रंथच काढला. वरूडचा बागाईतदार तोच आक्षेप ग्रंथाशिवाय घेतो. माझ्या बागेतला पारा वेगळा होता, केंद्र चार कोस लांब आहे, फळ माझे गळाले आणि ‘जर’ मात्र केंद्रावर खोटे पडले. तर्कशास्त्राच्या हिशेबाने विमा कंपनीचे वचन त्या वर्षीही पाळले गेले, कारण ‘जर’ खोटे पडल्यावर ते मोडण्याची शक्यताच उरत नाही. वचन पाळले गेले, पण रिकामेपणाने.

इथे न्यायाने दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. या योजनेची आखणी मुद्दामच अशी आहे. बागोबाग फिरून पंचनामे करायचे, तर महिने जातात, आणि पंचनाम्यात काय काय चालते हे सर्वांना ठाऊक आहे. तापमापकाला ओळखपाळख नसते. केंद्रावर ‘जर’ खरे ठरले तर बागेत फारसे नुकसान न झालेल्यालाही पैसे मिळतात, त्या वर्षी कोणी तर्कशास्त्राची तक्रार करत नाही. करारात असे ‘जर-तर’ असणे योग्यच आहे. मला खटकते ते वर्षअखेरीचे वाक्य: ‘सर्व पात्र शेतकऱ्यांना भरपाई देण्यात आली.’ एखाद्या मंडळात एकाही शेतकऱ्याच्या बाबतीत अट पुरी झाली नसेल, तर हे वाक्य त्या मंडळापुरते खरे आहे. अगदी फ्रेगेच्या कसोटीवरही खरे. आणि ते वाचणाऱ्याला वाटते की भरपाई झाली.

असली वाक्ये ओळखण्याची एक सोपी युक्ती आहे. वाक्याचा शेवट उलटा करून पाहा. ‘रिकाम्या बागेतली सगळी संत्री गोड आहेत’ हे खरे, आणि ‘रिकाम्या बागेतली सगळी संत्री आंबट आहेत’ हेही तितकेच खरे. दोघांत विरोध नाही, कारण दोघांनाही मोडणारे फळ नाही. ज्या वाक्याचा शेवट उलटा केला तरी ते खरेच राहते, ते कशाविषयीच बोलत नसते. संत्रा प्रक्रिया प्रकल्पांच्या घोषणा वरूड-मोर्शीने पिढ्यान्‌पिढ्या ऐकल्या आहेत. न उघडलेल्या कारखान्याविषयी एक पुढारी म्हणू शकतो, ‘तिथल्या प्रत्येक कामगाराला कायम केले आहे’, आणि त्याचा विरोधक म्हणू शकतो, ‘तिथला प्रत्येक कामगार कंत्राटी आहे.’ दोघेही खरे बोलतात. सभा दोघांच्याही गाजतात. चुरीला भाव देण्याचे आश्वासन असेच: ‘प्रकल्पाने घेतलेल्या लहान फळालाही हमीभाव मिळेल.’ प्रकल्पाने फळ घेतलेच नाही, तर आश्वासन भंगले असे कोणत्या तोंडाने म्हणणार? न मोडणारी आश्वासने द्यायची असतील, तर ती रिक्त संचाविषयी द्यावीत.

दुसरी युक्ती याहून चोख आहे, आणि ती तर्कशास्त्राकडून नाही, पाचवीच्या अंकगणिताकडून येते. ‘सर्व’ हा शब्द शून्य माणसांवरही बसतो. ‘शंभर टक्के’ बसत नाही. टक्केवारी काढायची तर खाली छेद लागतो, आणि शून्याला शून्याने भागायला गणित नकार देते. उत्तर 0 ही नाही, 1 ही नाही, ते निश्चितच करता येत नाही. म्हणून ‘सर्व पात्र दावे निकाली’ हे रिक्त सत्य ठरू शकते, पण ‘शंभर टक्के पात्र दावे निकाली’ हे दावे शून्य असताना सत्यही नसते, रिक्त सत्यही नसते. ते फक्त चुकीचे गणित असते. अहवालांत हे दोन शब्दप्रयोग एकमेकांच्या जागी बिनदिक्कत वापरले जातात. जो अधिकारी ‘शंभर टक्के’ लिहितो, त्याला छेद विचारण्याचा हक्क वाचणाऱ्याला आपोआप मिळतो. हा हक्क आपण फार कमी वापरतो.

पाण्याच्या बाबतीत हा भेद वरूडला जास्त चांगला कळायला हवा, कारण इथली सगळी दैना छेदाचीच आहे. भूजल सर्वेक्षणात दरवर्षी उपसता येण्याजोगे पाणी खाली आणि प्रत्यक्ष उपसा वर ठेवून टक्के काढतात. 70 टक्क्यांपर्यंत सुरक्षित, 90 पर्यंत अंशतः शोषित, 100 पर्यंत शोषित, आणि त्यापुढे अतिशोषित. वरूड वर्षानुवर्षे अतिशोषितांत आहे. या वाक्यात लपवाछपवीला जागा नाही. वरचा आकडाही आहे, खालचाही. आता यासमोर कायद्याचे वाक्य ठेवू. महाराष्ट्र भूजल अधिनियम 2009 चा, तो 2014 मध्ये अमलात आला. त्यातली एक तरतूद अशी, की अधिसूचित क्षेत्रात शेतीसाठी 60 मीटरपेक्षा खोल विहीर घ्यायची नाही. ‘अधिसूचित’ हा शब्द इथे आपल्या ‘जर’चे काम करतो. समजा, एखाद्या जिल्ह्यात एकही क्षेत्र अधिसूचित झालेले नाही. मग त्या जिल्ह्यातल्या सर्व अधिसूचित क्षेत्रांत नियमाचे काटेकोर पालन होत आहे, असे कोणीही लिहू शकतो. बोअरचे पाइप शेकडो फूट खाली जात असतात आणि पालन पूर्ण असते.

याच तालुक्याने उलट उदाहरणही पाहिले आहे. 2016 मध्ये पाणी फाउंडेशनची पहिली वॉटर कप स्पर्धा झाली, तेव्हा त्यासाठी राज्यातून तीनच तालुके निवडले होते: वरूड, अंबाजोगाई आणि कोरेगाव. 116 गावे उतरली आणि कोरेगावातले वेळू पहिले आले. स्पर्धेच्या लांबपल्ल्याच्या फायद्यातोट्यांवर मतभेद आहेत आणि ते असावेत. पण गावाने किती खोदले हे तिथे मोजले जाई. ‘सर्व कामे पूर्ण’ असे सांगून गुण मिळत नव्हते; काम नाही, तर गुण नाहीत. श्रमदान करणाऱ्या माणसाला रिक्त सत्य म्हणजे काय हे कोणी शिकवले नव्हते, तरी मोजणीच्या पद्धतीने त्याची वाटच बंद केली होती.

आता हा प्रश्न माणसांपुरता राहिलेला नाही. अर्जांची छाननी यंत्रे करतात आणि यंत्रांना तर्कशास्त्राचे कोष्टक तोंडपाठ असते. पायथन या संगणकीय भाषेत यादीतल्या ‘सगळ्या’ गोष्टी खऱ्या आहेत का हे विचारणारी सोय आहे. तिच्यापुढे रिकामी यादी ठेवली तर उत्तर येते, ‘हो’. गणिताने ते बरोबर आहे, आणि दुसरे उत्तर दिले असते तर हजारो ठिकाणी हिशेब बिघडले असते. पण ‘अर्जासोबतची सर्व कागदपत्रे वैध आहेत का?’ असे तपासणारा कार्यक्रम लिहिणाऱ्याने ‘कागदपत्रे आहेत का?’ हे आधी विचारले नाही, तर कोरा अर्ज वैध ठरू शकतो. जाणता प्रोग्रामर ही दुसरी ओळ न विसरता लिहितो. अस्तित्वाची सिद्धता वेगळी देणारा गणितज्ञ, दाखल्यावाचून न हलणारा नैयायिक आणि हा प्रोग्रामर, तिघेही एकाच शिस्तीचे. ती शिस्त न पाळणारे लोक मात्र आपल्या गावच्या अहवालांवर सह्या करतात.

कोणी म्हणेल, यासाठी तर्कशास्त्राची काय गरज, खोटे बोलू नका एवढे सांगितले तरी पुरे. पुरत नाही. खोट्याला पकडता येते. कागद काढून दाखवता येतो, माहितीच्या अधिकारात अर्ज टाकता येतो, कोर्टात जाता येते. रिक्त सत्य खोटे नसते, म्हणून त्याच्यावर यांतले काहीच चालत नाही. ‘तुम्ही खोटे बोललात’ असे म्हणणारा शेतकरी त्या वादात हरतो आणि साहेब जिंकतो, कारण साहेबांचे वाक्य खरोखरच खरे असते. आरोपच चुकीचा निवडलेला असतो. विचारायचे असते ते वेगळेच: तुमचे वाक्य खरे आहे हे कबूल, पण ते किती जणांविषयी आहे? ‘सर्व’ हे एकच उत्तर त्या प्रश्नाला चालत नाही. तिथे आकडा लागतो, आणि आकडा शून्य असेल तर तो उच्चारावाच लागतो.

म्हणून वरूड तालुक्यातल्या आणि कुठल्याही तालुक्यातल्या वाचकाला एक विनंती आहे. 26 जानेवारी, 1 मे, 15 ऑगस्ट, 2 ऑक्टोबर या दिवशी ग्रामसभा असते आणि तिथे योजनांचे अहवाल वाचले जातात. ‘सर्व पात्र लाभार्थ्यांना’, ‘प्राप्त झालेल्या सर्व अर्जांवर’, ‘अधिसूचित सर्व क्षेत्रांत’ असे कुठलेही वाक्य ऐकले की उभे राहा आणि पात्र किती, अर्ज किती, क्षेत्रे किती, हे विचारा. मिळेल तो आकडा, शून्य असला तरी, ग्रामपंचायत अधिकाऱ्याकडून इतिवृत्तात लिहून घ्या.